उन्हात टिकणारा कॅमेरा

अमृता रोकडेला माणसांचा पहिला वीट आला तो जानेवारीत, आळेफाट्यावर, सकाळी पावणेआठ वाजता.

अमृता आळ्याची. शाळेच्या पोरांची पिवळी व्हॅन चालवायची. गाडी चालवायला तिला बापानं, भागुजीनं शिकवलं होतं, लोणीच्या माळावर, मालकाच्या ट्रॅक्टरवर. लग्नानंतर आळ्यात आली, नवरा गेल्यावर व्हॅन घेतली आणि सहा वर्षांत तिनं एका पोराचं नखसुद्धा दुखू दिलं नव्हतं. त्या सकाळी ती फाट्यावर कडेला थांबली होती. समोरच्या वडापावच्या गाडीपासून एक मोठी पांढरी मोटार भसकन मागं आली आणि व्हॅनच्या तोंडावर आदळली. मोटारवाला उतरला, स्वतःच्या गाडीला पडलेला पोचा बघितला आणि ओरडला, "दिसत न्हाई का गं? थांबलेल्या गाडीला ठोकतीस!"

गर्दी जमली. चहा पिणारे तिघं पुढं झाले आणि बाईच येऊन आदळली म्हणून सांगायला लागले. त्या तिघांची पाठ रस्त्याकडं होती, हे अमृतानं स्वतः बघितलं होतं. मग तिला सुभाष दिसला. सुभाषचं गावात दूध संकलन केंद्र होतं. त्याची मुलगी अक्षदा त्या वेळी व्हॅनमध्येच बसलेली होती आणि तो वडापाव खात नेमका समोर उभा होता.

"सुभाषभाऊ, तुमी तरी सांगा. तुमी बघितलं ना?"

सुभाषनं तोंडातला घास सावकाश गिळला, बोटांची चटणी चाटली. "माझं लक्ष नव्हतं, ताई. मिटवून टाक ना, पोरांना उशीर व्हतोय."

अमृतानं पोरांदेखत त्या माणसाला हात जोडले. व्हॅनमध्ये परत बसली तेव्हा आठांपैकी सात पोरं तिच्याकडं बघत होती आणि अक्षदा खिडकीतून बाहेर. दिवसभर अमृताला जेवण गेलं नाही. चाटलेली ती बोटं डोळ्यांपुढून हलत नव्हती.

त्याच आठवड्यात तिनं मोबाइलवरून कॅमेरा मागवला. गाडीच्या काचेला चिकटवायचा. खोक्यावर सोनेरी अक्षरांत 'फोर के' लिहिलेलं, मागं तळहाताएवढा चकचकीत पडदा, आणि भाव असा की शंका यायला पाहिजे होती. फेब्रुवारीभर तो बरा चालला. मार्चमध्ये शाळा सकाळची झाली. सातला पोरं सोडायची आणि साडेबाराला न्यायची. तोवर व्हॅन शाळेमागच्या उघड्या मैदानात, जिथं बाभळीचं एक झुडूपसुद्धा नव्हतं.

मार्चअखेर एका दुपारी तिनं दार उघडलं आणि तोंडावर वास आला. जळक्या प्लास्टिकचा, त्यात काहीतरी गोडसर सडल्यासारखं. कॅमेरा काचेवरून सुटून खाली पडला होता. त्याचा चिकट पट्टा वितळून काचेवर काळा, लांबलचक ओघळ आला होता. बोट लावलं तर तार निघाली. कॅमेऱ्याचं पोट पुरीसारखं फुगून शिवण उकललेली.

"काकू, उंदीर मेलाय का?" मागून एकानं नाक धरून विचारलं.

घरी येऊन तिनं आतलं कार्ड मोबाइलला जोडलं. शेवटच्या अकरा दिवसांचं काहीच नव्हतं. कॅमेरा नुसता लाल दिवा लावून बसला होता. आधीचं जे होतं त्यात पुढच्या गाडीचा नंबर म्हणजे पांढरा डाग. तिनं विकणाऱ्या कंपनीला लिहिलं. उत्तर आलं, 'प्रिय ग्राहक, आपले उत्पादन थेट सूर्यप्रकाशापासून दूर ठेवा.'

काचेला लावायची वस्तू आणि उन्हापासून दूर! तिला हसूही आलं नाही. तिनं रॉकेलच्या बोळ्यानं तो ओघळ पुसला. तीन दिवस हाताचा वास गेला नाही.

जुन्नरला नवाबचाचांचं ऑटो इलेक्ट्रिकचं दुकान होतं. साठीतला माणूस. व्हॅनचं वायरिंग सहा वर्षं तेच बघायचे. अमृतानं तो फुगलेला कॅमेरा समोर ठेवला. चाचांनी खालचा पत्र्याचा खण ओढला. आत तसलेच पंचवीसएक कॅमेरे, काही फुगलेले, काही तडकलेले.

"सगळे एकाच आजारानं गेले, बेटी. आत बॅटरी असती. बंद गाडीत उन्हाची किती गरमी व्हती, माहितीय? काल दोन वाजता मी मोजली. काचेपाशी अडुसष्ट डिग्री. त्यात ही बॅटरी फुगनार नाय तर काय?"

"मंग बिनबॅटरीचा असतो का?"

"असतो. बॅटरीच्या जागी कपॅसिटर असतो. चावी बंद केली की चालू असलेलं रेकॉर्डिंग जपून ठेवण्यापुरती ताकद, बास. तो फुगत नाय. पन लोकांना तो नको असतो. लोकांना पडदा पायजे. गाडी चालवताना पडद्यावर रस्ता बघनार का? समोर काच आहे की!"

त्यांच्या दुकानात दोन होते. एक झगमगीत, पडद्याचा. दुसरा काळा, आखूड, साबणाच्या वडीएवढा, पडदा नाही, बघायला अगदी ओंगळ. अमृतानं झगमगीताकडं हात नेला तसं चाचांनी तिला थांबवलं.

"आज बारा ते चार दोन्ही तुझ्या काचेला लावून ठिवू. गाडी हितंच उन्हात राहू दे, चावी चालू ठिवून. तू घरात बस, आमच्या घरवालीच्या, चांदबीच्या हातचा च्या पी."

चारला दोघांनी कार्डं काढली. झगमगीत कॅमेरा दोनदा बंद पडून पुन्हा चालू झाला होता आणि तीननंतर त्याचं चित्र दुधाळ झालं होतं. काळ्यात दुकानासमोरून गेलेल्या प्रत्येक रिक्षाचा नंबर वाचता येत होता. चाचांनी तो आरशाच्या मागं, काचेच्या वरच्या गडद पट्टीत बसवला, वायर छतातून फ्यूजपर्यंत नेली, आणि कार्डही निराळं दिलं, रोज पुसून रोज लिहायला टिकेल असं. "साधं कार्ड उन्हात महिन्यात मरतं," म्हणाले. "आणि आठवड्यातून एकदा उघडून बघत जा. लाल दिव्यावर इस्वास ठिवू नको."

पंधरा दिवसांनी, एप्रिलमध्ये, भर एक वाजता ती पोरं घेऊन आळ्याकडं निघाली होती. ऊन असं की डांबराला चमक आलेली. मागच्या सीटवरच्या एका पोरीला उलटीची उबळ आली. अमृतानं गाडी कडेला घेतली, इंजिन चालूच ठेवलं आणि मागं वळून पोरीचं डोकं धरलं. पिशवी पुढं करेपर्यंत निम्मं तिच्या बाहीवर आलं. बाकीची पोरंही नाक धरून तिकडंच बघत होती. अमृताच्या पाठीकडं कुठंतरी धप् असा आवाज झाला, एक गाडी शेजारून गेली. तिनं तोंड पुसून दिलं, पाणी पाजलं आणि पुढं बघितलं, तर पन्नास-साठ पावलांवर रस्त्यात गवताचा भारा फुटून पडला होता आणि त्याच्या पलीकडं साळुबाई.

साळुबाई वस्तीवरची, सत्तरीची, शेळ्यांसाठी रोज गवत नेणारी. अमृता धावली. म्हातारीचा पाय भलत्याच बाजूला वळला होता. आणि त्या धावण्यात अमृताच्या मनात पहिल्यांदा काय आलं? 'कॅमेऱ्यात आलं असंल का?' हा विचार मनात उमटला आणि तिला स्वतःची शिसारी आली.

चार-पाच मिनिटांत मागून सुभाषची लाल पिकअप आली. "अरारारा! काय झालं? टँकर असंल, ते लई जोरात जात्यात." त्यानं म्हातारीला उचललं, पिकअपमध्ये घातलं, दवाखान्यात नेलं. संध्याकाळच्या आत त्याच्या स्टेटसवर फोटो होता, साळुबाईच्या खाटेशेजारी हात जोडून उभा. ग्रामपंचायतीनं शाल आणि नारळ द्यायचं ठरवलं.

पोरं सोडून, बाही धुऊन, उन्हं कलायच्या आधी अमृतानं कार्ड काढलं. समोरून लाल पिकअप येत होती. चालवणाऱ्याच्या एका हातात कानाला लावलेला मोबाइल. म्हातारी कडेनंच चालली होती. भारा उडाला. पिकअप क्षणभर थांबली, काचेतून सुभाषनं खाली पडलेल्या बाईकडं बघितलं, मग पाठमोऱ्या अमृताच्या व्हॅनकडं बघितलं आणि निघून गेला. व्हॅनशेजारून जाताना नंबर इतका स्वच्छ आला की प्रत्येक आकडा वाचता आला.

अमृता मोरीत जाऊन ओकली.

सकाळी सुभाष स्वतः दारात. "ताई, तुझ्या गाडीत कॅमेरा हाय म्हनं."

"हाय."

"म्या तिला नेलं ना दवाखान्यात? खर्च समदा करतोय ना? मंग? तेवढं पुसून टाक. गावातल्या गावात..."

"ती रस्त्यात पडली व्हती आन तुमी बघून गेलात."

"घाबरलो व्हतो गं!" त्याचा आवाज चिरकला. मग एकदम मऊ झाला. "जानेवारीत म्या बोलायला पाहिजे व्हतं. चुकलं. आता तुझ्या बाजूनं मी कुठंबी उभा राहीन."

हे ऐकल्यावर तिला त्याच्याकडं बघवेना. "निघा," एवढंच ती म्हणाली.

ती आधी दवाखान्यात गेली. पाय वर टांगलेल्या साळुबाईजवळ तिची नात तेजस्विनी बसली होती. अमृतानं क्लिप दाखवू का विचारलं. साळुबाईनं नकारार्थी मान हलवली. "मला कशाला दावतीस? म्या पडताना त्याचं तोंड बघितलंय. पण त्यो रोज फळं घेऊन येतो, समदी त्याला देवमाणूस म्हनत्यात. माझं कोनी ऐकलं असतं?"

"आजी, पोलिसांत देऊ?" तेजस्विनीनं विचारलं.

म्हातारीनं उशाजवळची फळांची पिशवी पुढं ढकलली. "द्या," म्हणाली. "त्याची फळं बी घेऊन जा. मला नकोत."

क्लिप पोलिसांकडं गेली आणि गुन्हा नोंदला. शालीचा कार्यक्रम रद्द झाला. सुभाषनं अक्षदाला व्हॅनमधून काढलं, त्याच्या भावकीतल्या दोघांनीही आपली पोरं काढली. अमृताला वाईट वाटलं ते फक्त अक्षदाचं.

पण खरा वीट त्याच्या पुढं आला. पिठाच्या गिरणीत, बसस्टँडवर, मयताला गेली तिथंही, माणसं तिला गाठायची. "आमाला दाव की. भारा कसा उडतो ते हळू करून दाव." जे सुभाषला हार घालणार होते तेच आता त्याला चारचौघांत शिव्या घालत होते, आणि त्या सगळ्यांना हवं होतं म्हातारी पडताना बघायला. अमृतानं क्लिप कोणाला दिली नाही. मोबाइलमधून काढून टाकली. एक प्रत पोलिसांकडं, एक तेजस्विनीकडं.

काही जण मात्र हळूच विचारायचे, "कॅमेरा कंचा घेतलास? आमाला बी पायजे, सस्तातला." त्यांना ती सांगायची, पडदा बघू नका, बॅटरी नसलेला मागा, घ्यायच्या आधी चार तास उन्हात ठेवा, आणि जुन्नरला नवाबचाचांना भेटा. सांगताना चेहऱ्यावर काही नसायचं.

साळुबाई जूनमध्ये वॉकर घेऊन चालायला लागली. व्हॅनमध्ये आता पाच पोरं उरली होती. अमृता रोज सकाळी सव्वासातला गाडी काढायची, पोरं मोजून बसवायची आणि निघायची. आळेफाट्यावर त्या वडापावच्या गाडीसमोर थांबणं तिनं बंद केलं होतं.