नुसता भाता

धैर्यशील मोहित्यांचा जळफळाट न्यूझीलंडमधल्या हॅमिल्टनच्या मराठी मंडळात कुणाला ठाऊक नव्हता? क्षितिजचं नाव निघालं की गडी हातातला चहा खाली ठेवायचा. दोघं पुण्यात एकाच गुरुजींकडे पेटी शिकले. धैर्यशीलचा हात जास्त गोड, असं खुद्द गुरुजी म्हणायचे. पण तो इथं येऊन दूध-पावडरच्या प्लांटमध्ये इंजिनियर झाला, गणपतीत कम्युनिटी हॉलमधल्या आरत्यांना साथ करत राहिला. आणि तो बेसूर क्षितिज पॅरिसला जाऊन फ्रेंच सिनेमांना संगीत द्यायला लागला. बेसूर माणूस, आणि सिनेमांना संगीत!

अशात एकदा क्षितिजचाच फोन आला. "धैर्या, एका सीनसाठी तुझी पेटी हवीय. सूर नकोत. नुसता भाता हलव, मिनिटभर. हवेचा आवाज पाहिजे."

धैर्यशीलच्या तळपायाची आग मस्तकात गेली. फोन ठेवून तो बायकोवरच ओरडला, "मृदुला, मी काय सायकलचा पंप आहे? भाता हलव म्हणे!"

गाडी बाहेर काढून तो गॅरेजमध्ये रेकॉर्डिंग लावून पेटी घेऊन बसला आणि स्वतः बांधलेली मारव्यातली धून अख्खी वाजवून पाठवली. ऐक म्हणावं लेका, पेटी कशी वाजते ते! उत्तर आलं: "मिळालं. अगदी हवं तेच." झालं! आपली धून सिनेमात आहे हे त्यानं मंडळभर सांगून टाकलं. पुढच्या वर्षी फ्रेंच फिल्म फेस्टिवलमध्ये तो सिनेमा गावात लागला, तेव्हा दोन रांगा आपल्याच माणसांनी भरल्या.

अर्धा सिनेमा सरला तरी धून येईना. धैर्यशील खुर्चीत चुळबुळत होता. मग पडद्यावर नवऱ्याला पुरून आलेली म्हातारी स्वयंपाकघरात आली, त्याची खुर्ची टेबलाशी सरकवून उभी राहिली. आणि आवाज आला. भाता सावकाश उघडल्याचा, मिटल्याचा. कुणीतरी हलकेच घसा साफ केला, नाकातून श्वास सोडला. सूर लागायच्या आत सगळं थांबलं. मागच्या रांगेत एक बाई रडत होती.

"धैर्या, हा तूच," मृदुला कुजबुजली. "वाजवण्याआधी तू अस्साच बसतोस."

त्यानंही ओळखलं होतं. धून क्षितिजनं फेकून दिली होती. तिच्याआधीचं तेवढंच ठेवलं होतं, जेव्हा धैर्यशील कुणाला काही दाखवत नव्हता.

शेवटी पडद्यावर त्याचं नाव आलं, मंडळानं टाळ्या वाजवल्या. प्रमोदिनीकाकूंनी तर पाठच थोपटली. तो सगळ्यांशी हसून बोलला. गाडीत बसल्यावर मात्र किल्ली हातातच राहिली.

"इतकी वर्षं ही पेटी माझ्या मांडीशी आहे गं," तो म्हणाला. "मला हे कधी ऐकू आलं नाही. त्या बेसुऱ्याला आलं."