अविनाशचा देवमासा

किस्से कोणी मुद्दाम जमवत नाही. आमच्या मँचेस्टरच्या गराजांमध्ये जुने टीव्ही, मोडके लॉनमोवर आणि भारतात न्यायच्या म्हणून सेलमध्ये घेतलेल्या सूटकेसा आपोआप साठतात, तसे तेही साठतात. एक दिवस शटर वर करावं, तर गाडी आत घालायला जागाच नाही!

माझ्या गराजातला बराचसा माल देवमाशांचा आहे. नव्वदच्या दशकात आम्ही चार मराठी कुटुंबं दर ऑगस्टच्या बँक हॉलिडेला स्कॉटलंडच्या पश्चिम किनाऱ्यावर जायचो आणि डोनाल्ड नावाच्या माणसाच्या बोटीत बसून देवमासे बघायचो. बघायचो म्हणजे, ते जिथे नसायचे तिथे बघायचो. चौघांतले तिघे हॉस्पिटलचे डॉक्टर. करमरकर सर रेडिओलॉजिस्ट, वयानं आणि आवाजानं सगळ्यांत मोठे. शिरीष कुलकर्णी भूल देणारा. अविनाश परांजपे हाडांचा. चौथा मी, डेंटिस्ट. म्हणजे यांच्या मते डॉक्टर नव्हे, पण लांबचं ड्रायव्हिंग चांगलं करतो!

* * *

या थंड पाण्याचा नाद आम्हाला लागला तो अविनाशमुळे. ऐंशीच्या दशकात, इथे नवीन असताना, त्यानं ओबान या स्कॉटलंडच्या बंदरगावी सहा आठवडे कोणाच्या तरी बदली काम केलं. एका रविवारी मासेमारीच्या बोटीतून चक्कर मारली, दिवसभर ओकला आणि संध्याकाळी कराडला वडिलांना पत्र लिहिलं, की आज मी देवमासा पाहिला. चांगलं दोन पानी वर्णन!

पाहिला-बिहिला काही नव्हता. हे त्यानं मला पुष्कळ वर्षांनी एम-सिक्स मोटरवेवरच्या सर्व्हिस स्टेशनात, गार झालेल्या चिप्स खाता खाता सांगितलं.

"अरे, खरं तर परीक्षेत नापास झालो हे लिहायला बसलो होतो. अण्णा सायन्सचे मास्तर. हात चालेना. मग देवमासा लिहिला."

"आणि नापास?"

"ते पुढच्या पत्रात लिहू म्हटलं. तोवर पास झालो."

म्हणजे प्रकरण मिटायला हरकत नव्हती. पण अण्णांनी ते पत्र कपाटात ठेवलं नाही. नववीच्या वर्गात वाचून दाखवलं! पुढे सस्तन प्राण्यांचा धडा आला की दर वर्षी वाचायला लागले. मुलगा इकडे प्लास्टर घालतोय आणि तिकडे अख्खं कराड त्याचा देवमासा शिकतंय.

* * *

एकदा आमच्या हॉस्पिटलात एक नवी ज्युनियर डॉक्टर आली. कराडची. कँटीनमध्ये अविनाशच्या कोटावरचं नाव वाचून ती ट्रे घेऊन तशीच थबकली.

"सर, तुम्ही परांजपे सरांचे... देवमाशाचे?"

अविनाशनं मान डोलावली. नाही म्हणायची सोय नव्हती.

"मला तुमचं पत्र अजून पाठ आहे!" असं म्हणून त्या मुलीनं मधल्या टेबलापाशी उभं राहून पहिला परिच्छेद म्हणून दाखवला. आजूबाजूच्या नर्सेसना वाटलं, काहीतरी धार्मिक चाललंय. दोघी हातातले चमचे खाली ठेवून उभ्या राहिल्या!

त्या दिवसापासून अविनाशनं मनाशी ठरवलं, की आता खरा देवमासा बघायचाच. एकदा दिसला की पत्र खरं झालं, तारखा कोण बघतंय? दरम्यान घरी होणाऱ्या पार्ट्यांमध्ये जुना देवमासा वाढत होता. पहिल्या वर्षी तो ट्रान्झिट व्हॅनएवढा होता, दोन वर्षांत डबलडेकर झाला, आणि शिरीषच्या पन्नाशीला तर त्यानं अविनाशकडे वळून पाहिलं! अविनाशची मुलगी मुग्धा अकरा वर्षांची. तिनं सगळ्यांसमोर विचारलं, "बाबा, पण लास्ट टाइम तू म्हणालास तो स्मॉल होती!"

"अगं, तेव्हा तो लांब होता," अविनाश म्हणाला.

* * *

पहिल्या ट्रिपला डोनाल्डनं आम्हाला उपयुक्त माहिती दिली. या भागात मिंकी जातीचे देवमासे असतात. ते दिसायच्या आधी कधी कधी वास येतो, कारण त्यांचा श्वास सडक्या कोबीसारखा असतो. वारा तिकडून असेल तर नाक उघडं ठेवा.

अर्ध्या तासानं करमरकर सर ओरडले, "आला! आला! वास आला!"

खरंच आला. सगळे उजव्या बाजूला धावले, बोट तेवढी कलली, कॅमेऱ्यांची झाकणं निघाली. डोनाल्डनं इंजिन बंद केलं. 

त्या शांततेत मागून नलिनीवहिनींचा, म्हणजे करमरकर सरांच्या सौभाग्यवतींचा, आवाज आला: "मुळ्याची भाजी आहे. पोळ्यांबरोबर कोणाला वाढू?"

त्या वर्षी परतीच्या साडेचारशे किलोमीटरमध्ये वहिनी सरांशी एक शब्द बोलल्या नाहीत. सर म्हणतात ती त्यांची सर्वांत यशस्वी ट्रिप!

* * *

करमरकर सरांना आयुष्यात कशालाही 'हो' किंवा 'नाही' म्हणायची सवय नव्हती. आयुष्यभर एक्स-रे वाचल्यावर दुसरं काय होणार? दुसऱ्या वर्षी मुग्धा ओरडली, "देअर! ब्लॅक काहीतरी!" सगळ्यांनी सरांकडे पाहिलं, कारण सर्वांत महाग दुर्बीण त्यांची.

सरांनी दुर्बीण लावली, फोकस केला, घसा साफ केला.

"सावली दिसते आहे. डाव्या बाजूला, खालच्या भागात. देवमासा असू शकेल. लाट असू शकेल. जुन्या सावलीशी ताडून बघावं लागेल."

"सर, जुनी सावली कुठून आणू?" अविनाश रडकुंडीला आला होता.

"मग सहा महिन्यांनी परत बघू," सर म्हणाले.

तो खडक होता. डोनाल्डच्या नकाशावर त्याला नावसुद्धा होतं.

* * *

तिसऱ्या वर्षी समुद्र खवळलेला होता आणि बोटीत तीन डॉक्टर होते, म्हणजे संकटं दोन! बोट लागू नये म्हणून कोणती गोळी घ्यावी यावर धक्क्यावरच पाऊण तास परिसंवाद झाला. शेवटी शिरीषनं सूत्रं हातात घेतली. "झोप आणि ओकारी हा माझा रोजचा धंदा आहे," असं म्हणून त्यानं सगळ्यांना मापून औषध दिलं. डेंटिस्टला कोणी विचारलं नाही, म्हणून मी आल्याची वडी चघळत बसलो.

बंदर सोडून वीस मिनिटं झाली आणि एकेक करून सगळे झोपले. एकमेकांच्या खांद्यावर डोकी ठेवून, ओळीनं, शिरीषसकट! डोनाल्ड अधूनमधून वळून बघायचा आणि मला विचारायचा, "हे सगळे बरे आहेत ना?"

मी म्हटलं, "काळजी नको, तिघे डॉक्टर आहेत."

त्या दिवशी मी डॉल्फिन पाहिले, सील पाहिले आणि लांबवर एक काळी पाठ हळूच वर येऊन खाली जाताना पाहिली. अविनाशला गदागदा हलवलं. त्यानं डोळे न उघडता विचारलं, "पेशंट फिट आहे का?"

उतरल्यावर सांगितलं तर सर म्हणाले, "तुम्ही दात बघता हो. पाठीचं तुम्हाला काय कळणार!"

* * *

आणि मग अण्णा आले.

रिटायर होऊन दोन वर्षं झाली होती. अविनाशनं तिकीट पाठवलं, व्हिसाची खटपट केली. साठी उलटलेले, काटकुळे, शर्टाच्या खिशाला पेन. विमानतळावर उतरल्याबरोबर मुलाला म्हणाले, "लंडन वगैरे नंतर बघू. आधी तुझा समुद्र दाखव." आणि हँडबॅगेतून ते पत्र काढलं. प्लॅस्टिकच्या पिशवीत, घड्यांवर चिकटपट्ट्या लावलेलं.

"प्रत्यक्ष ताडून बघायचंय," म्हणाले.

अविनाशनं मला रात्रीचाच फोन केला. "दिसलाच आणि काही वेगळं निघालं तर? मी कधी पाहिलेलाच नाही रे, मी काय सांगणार?" इतकी वर्षं जो देवमासा दिसावा म्हणून आमचं पेट्रोल जाळलं, तो आता दिसू नये म्हणून हा देव पाण्यात ठेवून बसला! मी नेहमीप्रमाणे चेष्टा करणार होतो, पण त्याचा आवाज ऐकून केली नाही. दहा वर्षं बापाच्या तोंडून आपलं खोटं वाचलं जातंय, हे काय कमी झालं?

त्या दिवशी समुद्रानं कमालच केली. करमरकर सर, शिरीष, मी, बायका, मुग्धा, सगळे केबिनमध्ये प्लॅस्टिकच्या बादल्यांत डोकी घालून. आल्याच्या वडीनं माझीही साथ सोडली होती. बाहेर कठड्याला धरून उभे होते फक्त अण्णा. माकडटोपी, मुलाचा पिवळा रेनकोट, ढोपरापर्यंत बाह्या.

नलिनीवहिनींनी बादलीतून हाक मारली, "अण्णा, आत या हो! पडाल!"

"चाळीस वर्षं नववीच्या वर्गापुढे उभा राहिलोय, वहिनी," अण्णा म्हणाले. "हे त्यामानानं शांत आहे."

अविनाश त्यांचा दंड धरून शेजारी उभा होता. म्हणजे उभा नव्हता, लोंबकळत होता. डोळे घट्ट मिटलेले आणि रंग कच्च्या कैरीचा.

धक्क्याला लागलो तेव्हा डोनाल्डनं एक नवं रजिस्टर काढलं. कुठल्याशा युनिव्हर्सिटीच्या लोकांनी त्या वर्षी त्याला दिलं होतं, दिसलेल्या प्राण्यांची नोंद ठेवायला. तो स्वतः सुकाणू सांभाळत होता, त्यामुळे त्यानं काही पाहिलं नव्हतं. त्यानं सवयीनं विचारलं, "एनिथिंग टुडे?"

आम्ही नकारार्थी माना हलवल्या.

"वन व्हेल," अण्णा स्वच्छ, शाळेतल्या इंग्रजीत म्हणाले. "ट्वेल्व्ह फॉर्टी. लेफ्ट साइड. इट केम टू टाइम्स."

डोनाल्डचा चेहरा उजळला. मिंकी तिथेच येतो, म्हणाला. फक्त एक अडचण होती. रजिस्टरमध्ये दोन माणसांची नावं लागत. एकट्यानं पाहिलेलं त्या लोकांना चालत नव्हतं. "हू वॉज विथ यू, सर?"

 अण्णांच्या शेजारी कोण होतं हे सगळ्यांना माहीत होतं. डोनाल्डनं पेन अविनाशपुढे धरलं.

"हो म्हण ना!" शिरीष दबक्या आवाजात म्हणाला. आयुष्यात पहिल्यांदाच करमरकर सरही एका निष्कर्षाला आले. "सही कर, अविनाश. सरळ केस आहे!" मला तर त्याच्या हातात पेन कोंबावंसं वाटत होतं. नुसती एक सही! देवमासा खरा होता, जागा खरी होती, हा तिथे उभाही होता. एवढं खरं खोटं पुन्हा बोलायला मिळणार नव्हतं.

अविनाशनं पेन घेतलं नाही.

"आय डिडन्ट सी इट," तो डोनाल्डला म्हणाला. मग वडिलांकडे वळला.  "अण्णा, मी आज नाही पाहिला. आणि तेव्हाही नव्हता पाहिला. मी नापास झालो होतो."

 मुग्धा एकदा बापाकडे बघायची, एकदा आजोबांकडे.

अण्णांनी माकडटोपी काढली, पिळली, नीट घडी करून खिशात घातली. मग पोराच्या अंगातल्या जॅकेटाची चेन गळ्यापर्यंत ओढली.

"मला पहिल्या दिवशीच कळलं होतं," ते म्हणाले. "तू शेपटी उभी लिहिली होतीस, माशासारखी, डावीउजवीकडे हलणारी. देवमाशाची आडवी असते, ती वरखाली होते. वर्गात वाचताना तेवढी ओळ मी दुरुस्त करून वाचायचो."