तुळसा पाटलिणीचे माठ

"सर, सातव्या प्रकरणाला संदर्भच नाही," लातूरहून संपादक मॅडमचा फोन आला. "बाकी सगळ्यांना आहे. परवा फर्मे छापायला घेतोय."

फर्मा म्हणजे एका मोठ्या कागदावर एकदम छापली जाणारी सोळा पानं. एकदा छापली की त्यातली चूक कायमची.

"एक सोडून तीन संदर्भ आहेत," मी ऐटीत म्हणालो. "आजच पाठवतो."

नांदेडला एका वर्तमानपत्रात वार्ताहरकी करता करता माझे केस पांढरे झाले. निवृत्तीनंतर ऐतिहासिक कादंबरी लिहायला घेतली आणि चार वर्षं त्यात घातली. जुना नियम मात्र सोडला नाही. बातमी दोन ठिकाणांहून पक्की झाल्याशिवाय द्यायची नाही, तसंच कादंबरीतल्या घटनेचंही. प्रस्तावनेत तर मी छाती फुगवून लिहिलं होतं की यातली एकही मोठी घटना कल्पित नाही.

सातवं प्रकरण म्हणजे कादंबरीचा कणा. लातूरकडच्या मुरुडजवळच्या एका गावावर फौज धान्य लुटायला येते. गावची तुळसा पाटलीण बियाण्याची ज्वारी माठांत भरते, माठांची तोंडं चिखलाने लिंपते आणि ते बारवेत, म्हणजे पायऱ्यांच्या विहिरीत, बुडवून ठेवते. फौज हात हलवत परत जाते आणि गाव वेळेवर पेरणी करतं. ही घटना काढली तर पुढची दीडशे पानं गडगडतात.

ही कथा मला त्या गावचे निवृत्त शिक्षक कांबळे गुरुजी यांनी जशीच्या तशी सांगितली होती. बारवेजवळच्या पाटीवरही ती होती. शिवाय दर वर्षी मिरगाच्या आधी तिथल्या बायका बियाण्याचा माठ बारवेत सोडतात, दुसऱ्या दिवशी वर काढतात आणि ती ज्वारी घरोघर वाटून पेरतात. सरूबाई नावाची सत्तरीची बाई पुढे असते. मी हे डोळ्यांनी पाहिलं होतं. खरं सांगतो, भरून आलं होतं.

हे सगळं मॅडमना कळवलं. त्या म्हणाल्या, "छान. पण लेखी काही?"

म्हणून कात्रणांची ट्रंक उघडली. ती रद्दीत घालायचा बायकोचा बेत मी अनेकदा हाणून पाडलेला. तळाशी एक पिवळं पडलेलं कात्रण निघालं. मथळा होता 'बारवेतलं बियाणं'. त्याखाली माझं नाव.

मग सगळं आठवलं. वार्ताहरकीची सुरुवातीची वर्षं होती. पुरवणीतली अर्ध्या पानाची जाहिरात ऐनवेळी रद्द झाली होती. डेस्कवरून निरोप आला, "पाण्यावर काहीतरी दे, अर्धं पान भर." ती बारव मी एकदा जाता जाता जीपमधून पाहिली होती. तेवढ्या भांडवलावर तासाभरात लेख हाणला. तुळसा हे ऑफिसात चहा आणणाऱ्या बाईंचं नाव. सुरुवात केली होती 'असे जाणकार सांगतात' अशी. आमच्या धंद्यात ज्या जाणकाराला नाव नसतं, तो बहुधा वार्ताहराच्याच खुर्चीत बसलेला असतो.

हे असंच छापलं असतं तर प्रस्तावनेतलं ते वाक्य माझी आयुष्यभराची पत घालवून बसलं असतं.

"मॅडम, छपाई थांबवा."

"का हो सर?"

"भेटून सांगतो."

सकाळची पहिली गाडी धरली. गुरुजींनी कात्रण पाहिलं आणि कपाटातून तसंच दुसरं काढलं.

"हाव, हेच की. ह्याच्यावरूनच तर शाळंत शिकवलं पोरांना. पोरांनी घरी सांगितलं, तवाधरनं बाया माठ सोडतात. पाटी बी मीच लिहून दिली."

"मग मी विचारलं तेव्हा हे सांगितलं का नाही?"

"तुम्ही विचारलं, गोष्ट म्हाईत हाय का. म्हाईत होती. कुठून कळली ते कुठं विचारलं? मला वाटलं, तुम्ही माझी परीक्षा घेऊन राहिले."

"गुरुजी, ही मी रचलेली गोष्ट आहे. अशी कुणी तुळसा नव्हती."

गुरुजींनी चष्मा काढून पुसला. "हे सरूबाईला तुम्हीच सांगा. मी न्हाई सांगणार."

सरूबाई अंगणात तूर पाखडत होती. मी चपला काढून समोर बसलो आणि आडपडदा न ठेवता सगळं सांगितलं. बोलताना मान वर होत नव्हती. तिने दोन शिव्या हासडल्या असत्या तर बरं वाटलं असतं.

सूप खाली ठेवून तिने विचारलं, "म्हंजी, ते चिखलाचं तुम्हीच लिव्हलं व्हय?"

"हो."

"सुनबाई, भाईर ये गं. चिखलवाले हेच."

सून पदर तोंडाला लावून हसायला लागली. मला काही समजेना.

"भाऊ, चिखलानं तोंड लिंपून पाण्यात सोडतंय व्हय कुणी माठ? पैल्या साली समदी ज्वारी फुगली, माठ तडकला. दुसऱ्या साली मेण लावलं, तर माठ वर येऊन तरंगाय लागला. मग तळाला धोंडे घातले, तवा कुठं बसला. लिव्हणाऱ्यानं जन्मात घागर भरली नसंल, असं म्हनायचो आम्ही."

मी निमूटपणे वही काढली.

"पण मावशी, गोष्टच खोटी निघाली. आता माठ सोडणं बंद करणार?"

"का म्हून? त्या निमित्तानं दर साली बारवंतला गाळ निघतोय. पानी लई झ्याक झालंय. तुमची तुळसा नसंल, पर आमी हावोत न्हवं?"

तिथून लातूर गाठलं. मॅडमनी सगळं ऐकून घेतलं आणि विचारलं, "मग प्रकरण काढायचं?"

"नाही. कादंबरीत रचलेलं चालतं. रचलेलं खरं म्हणून खपवायचं नाही, एवढंच."

प्रस्तावनेतलं ते वाक्य काढलं. सातवं प्रकरण तिथेच बसून पुन्हा लिहिलं. चिखल गेला, मेण आलं. फौज वेशीत शिरते आणि नेमका तेव्हाच बारवेत एक माठ वर तरंगतो, असा प्रसंगही आला. मॅडमनी वाचून मान डोलावली. "आधीपेक्षा चांगलं झालंय, सर. हे तुम्हाला सुचलेलं वाटत नाही."

"नाहीच."

पुस्तक चार दिवस उशिरा निघालं. पहिली प्रत सरूबाईला दिली. तिच्या सुनेने सातवं प्रकरण मोठ्याने वाचून दाखवलं. मेण आलं तेव्हा सरूबाई फक्त "हां" म्हणाली. शेवटच्या पानावर सातव्या प्रकरणाचा संदर्भ आहे तो असा : 'गोष्ट प्रस्तुत लेखकाने रचली. जाणकार : सरूबाई.'

आता कुणी जुनी गोष्ट सांगितली की मी लगेच विचारतो, ही तुम्हाला कुणी सांगितली? उत्तर येईपर्यंत जरा धाकधूक होते. माझंच नाव निघायचं.