राजलक्ष्मीची शिट्टी

आज माझ्या मुलीला भर मैदानात बोलणी बसली, आणि मला आनंदानं झोप येत नाहीये.

राजलक्ष्मीचे यजमान, सूर्याजीराव, सीमेवरच्या लढाईत गेले. तेव्हापासून अख्ख्या ग्वाल्हेरात ती फक्त 'शहीद की पत्नी' झाली. दर पंधरा ऑगस्टला इथले पुढारी दिनकरराव गाडी पाठवायचे, मंचावर बसवून शाल-श्रीफळ द्यायचे. कपाट शालींनी भरलं. कॉलेजात ती हॉकीची कर्णधार होती, हे कुणाला आठवेना. लोक तिच्याशी बोलताना आवाज खाली आणायचे.

"आई, माझ्यासमोर सगळे मौन पाळल्यासारखे का गं उभे राहतात? मी आहे ना अजून!"

शेवटी तिनं हॉकी पंचाची परीक्षा दिली. आज तिचा पहिला मोठा सामना होता. मुलींची अंतिम लढत, ग्वाल्हेर विरुद्ध भोपाळ. आणि आपल्या संघाचे व्यवस्थापक कोण, तर दिनकररावच! निर्णय चुकला तर? लोक पुन्हा तिला बिचारी म्हणून मंचावर नेऊन बसवतील.

नाणेफेकीआधीच दिनकरराव शाल घेऊन मैदानात शिरले.

"बेटा, पहले सम्मान! सगळे उभे राहा."

"काका, आज मी पंच आहे. तुम्ही बाहेर बसा."

"अगं, फोटोवाला आलाय!"

"त्यालाही बाहेर बसवा."

पोरी फिदीफिदी हसल्या. दिनकरराव शाल काखेत मारून संघाच्या बाकावर जाऊन बसले.

सामना संपत आला तरी बरोबरी. भोपाळच्या मुलीनं जोरात फटका मारला. चेंडू गोलात जाणार, तेवढ्यात आपल्या मुलीनं तो पायानं अडवला; हॉकीत हे चालत नाही. राजलक्ष्मीची शिट्टी! पेनल्टी स्ट्रोक, आपल्याच गावाविरुद्ध! भोपाळनं गोल केला आणि मैदान पेटलं.

"ओ मैडम, चश्मा बनवा लो!"

"भोपाल से आई हो क्या?"

दिनकरराव तर बाकावरून उठून किंचाळले, "आंधळी आहेस का गं? पाय कुठे लागला?"

मी डोळे मिटले. उघडले तेव्हा राजलक्ष्मी त्यांच्यासमोर उभी होती, ताकिदीचं हिरवं कार्ड उंच धरून. दिनकरराव खाली बसले.

सामना संपल्यावर ती धावतच माझ्याकडे आली, घामानं निथळत. "आई, ऐकलंस? काका मला आंधळी म्हणाले! ओरडून!"

मागून दिनकरराव आले. "ताई, पुढच्या सामन्याला हिला पंच नेमलं, तर मी तक्रार करणार. सांगून ठेवतो."

"करा काका," राजलक्ष्मी म्हणाली, "खुशाल करा!"