फिलहाल पिवळा

काल नातीच्या ओढणीवरचा हळदीचा डाग साबण लागताच लाल झाला आणि मला निजामाच्या राज्यातली आमची नांदेडची मुलींची शाळा आठवली.

उस्तानीबाईंनी विचारलं होतं, "हळदीचा रंग कोणता?"

पहिल्या रांगेतून मी ओरडले, "पिवळा!"

मागून रंगाऱ्याची जुबेदा म्हणाली, "फिलहाल पिवळा."

सगळ्या हसल्या. तिनं माझ्याच डब्याचं हळदीनं माखलेलं फडकं घेतलं आणि बाईंच्या पानदानातला ओला चुना त्याला चोळला. डाग लालभडक झाला.

"म्हणजे हळद लालच हाय ना!" मी चिडून म्हणाले.

"न्हाई गं, हे बी फिलहालच," म्हणत तिनं माझ्याच डब्यातली लिंबाची फोड त्यावर पिळली. डाग पुन्हा पिवळा झाला. बाईंनी तिला उचलून माझ्या जागेवर बसवलं.

मी आठवडाभर तिच्याशी बोलले नाही. हळद एकदा तरी कायमची लाल राहावी, म्हणून घरातला सगळा चुना संपवला. दरवेळी लिंबापुढे हरले. तिचं बरोबर होतं, याचाच जास्त राग यायचा.

हे सगळं ऐकून ओढणी पिळत नातीनं विचारलं, "आजी, अजून जळतेस तिच्यावर?"

"हाव गं, फिलहाल."