पहिल्याच फेरीत, बाबांसमोर

माझ्या वडिलांना मी वॉकओव्हर दिला.

आज त्यांना जाऊन वर्ष झालं, आणि मला सगळ्यात आधी हेच आठवतं.

बिबवेवाडीतल्या आमच्या सोसायटीत गणपतीत कॅरमची स्पर्धा असते. ड्रॉ बाबा काढायचे. पांढरी कार्डशीट, फूटपट्टी, स्केच पेन. डावीकडे सोळा नावं, उजवीकडे सोळा, आणि रेघा जुळत जुळत मधल्या एका चौकोनात.

तक्ता लिफ्टशेजारी लागला की अख्खी सोसायटी बोट फिरवत उभी. कोण कुणाला कधी भिडणार!

"आजचा दिवस सगळेच फायनलला," बाबा म्हणायचे. "बघून घ्या."

लग्न होऊन मी विश्रांतवाडीला गेले, तर त्यांनी नियमच केला. माहेरवाशिणींना एंट्री आहे.

बाकीच्यांच्या चिठ्ठ्या काढायचे. आमची दोघांची नावं मात्र आधीच लिहून टाकायचे. ते डावीकडे सगळ्यात वर, मी उजवीकडे सगळ्यात खाली.

"फायनलला भेटू."

कधीच भेटलो नाही. एक तर मी आधी हरायचे, नाहीतर ते.

गेल्या वर्षी ग्रुपवर ड्रॉचा फोटो आला. पहिलीच मॅच, मी विरुद्ध बाबा.

तडक फोन लावला. "बाबा, हे काय? पहिल्याच राऊंडला मला घरी पाठवायचंय?"

"फायनलची सवय नसलेल्यांनी एवढं मनावर घेऊ नये."

मला राग आला. त्या रविवारी गेलेच नाही. 'स्वारगेटला अडकलेय' असा मेसेज टाकला, घरच्या सोफ्यावर बसून.

पंधरा मिनिटांत आला नाही तो बाद, हा नियम बाबांचाच. सोळावं मिनिट त्यांनी कधी कुणाला दिलं नाही.

माझ्यासाठी ते दीड तास बसून राहिले. सोंगट्या लावून. "ट्रॅफिक आहे हो, येईल," सगळ्यांना सांगत.

दिवाळीआधी ते गेले. मग आई बोलली.

"डॉक्टरांनी गणपतीआधीच सांगितलं होतं. तुला कळू द्यायचं नव्हतं त्यांना. म्हणाले, फायनलपर्यंत माझा भरवसा नाही. एकदा पहिल्याच फेरीत बसू दे तिला माझ्यासमोर."

यंदाचा ड्रॉ कुणीतरी कॉम्प्युटरवर काढला. छान आहे. बोट फिरवायला कुणी थांबलं नाही.

जुना तक्ता आईने जपून ठेवलाय. आमच्या दोघांच्या नावांपुढची, जिंकणाऱ्याचं नाव लिहायची रेघ कोरीच आहे. स्वतःचं नाव लिहायला त्यांचा हात धजला नाही. पुढची फेरीही ते खेळले नाहीत.

आज सकाळी त्या रेघेवर मी त्यांचं नाव लिहिलं. त्यांच्याच स्केच पेनने.

बाबा, मी स्वारगेटला नव्हते.

घरीच होते.

माफ करा. तुमच्या लेकीचा नमस्कार.