तीन साड्या, तीन ब्लाउज

कपाट उघडलं की डांबरगोळ्यांचा वास येतो. साडीच्या घडीत तिचाच ब्लाउज जपून ठेवलेला दिसतो, आणि मला चौथीतल्या गणिताच्या बाई आठवतात. प्रेमाने नव्हे.

बोरिवलीतली शाळा, दुपारचा तास. बाईंनी फळ्यावर लिहिलं, तीन साड्या आणि तीन ब्लाउज, तर किती प्रकारे नेसता येईल? माझ्या बाकावरची सुजाता उभी राहिली. "तीन, बाई. जिचा ब्लाउज तिलाच."

बाई वर्गाकडे बघून हसल्या. "काय गं, गुणाकार गावाला ठेवून आलीस का?"

सगळा वर्ग खिदळला. तीन त्रिक नऊ एवढंच घोकलेली बाई! स्वतः वर्षभर हिरवीवर हिरवा आणि जांभळीवर जांभळाच घालायची, कधी अदलाबदल नाही. त्या दिवशीसुद्धा पिवळ्या साडीवर पिवळाच ब्लाउज होता. प्रश्नात 'कोणताही ब्लाउज चालेल' हे तीन शब्द लिहायची अक्कल नाही, आणि नऊ वर्षांच्या पोरीला हसायला मात्र सगळ्यात पुढे.

मग त्यांनी मला उठवलं. माझ्या आईचं कपाटही असंच लावलेलं असायचं. सुजाता बरोबर बोलतेय हे मला पक्कं ठाऊक होतं.

"नऊ, बाई," मी म्हणाले.

"शाब्बास!"

सुजाताने माझ्याकडे नुसतं पाहिलं आणि ती खाली बसली.

त्या बाईंची मला आजही कीव येते. पण उत्तर नऊच आहे, असं त्यांना निदान खरोखर वाटत होतं.